एसीसी फुटबॉलचा विजेता नेमका कोण? एका वर्षासमोर दोन-तीन नावं का येतात

तुमचा प्रश्न मला असा समजला. भाचा नॉर्थ कॅरोलिनात शिकायला गेला आणि त्यानं तिथल्या कॉलेज फुटबॉलचं, म्हणजे तिकडच्या सॉकरचं, वेड तुम्हाला लावलं. आता तुम्ही कोल्हापुरात बसून अटलांटिक कोस्ट कॉन्फरन्स या विद्यापीठ संघांच्या गटाच्या, म्हणजे एसीसीच्या, पुरुष विजेत्यांचा वर्षवार तक्ता करताय आणि तो काही केल्या जुळत नाही. एक यादी १९५३ पासून सुरू होते, दुसरी १९८७ पासून. भाचा सांगतो २०२१ चा चॅम्पियन क्लेमसन, यादीत २०२१ समोर नोत्र दाम. २०१४ च्या राष्ट्रीय अंतिम सामन्यासमोर 'बरोबरी' लिहिलंय आणि त्याच ओळीत विजेता व्हर्जिनिया. यातलं खरं कुठलं, असं तुम्ही विचारलंत.

खरं सगळंच आहे. याद्या चुकलेल्या नाहीत, त्या वेगवेगळ्या गोष्टींच्या आहेत. एका हंगामात एकाच संघाला तीन विजेतेपदं मिळू शकतात: कॉन्फरन्सच्या साखळीचं, कॉन्फरन्सच्या बाद फेरीचं आणि एनसीएएचं, म्हणजे कॉलेज खेळांच्या देशव्यापी संघटनेचं, राष्ट्रीय. ती तीन वेगवेगळ्या संघांकडेही जाऊ शकतात, आणि जातातही. तुम्ही कोल्हापूरचे आहात, त्यामुळे हे फोडून सांगायची गरज नाही. शाहू स्टेडियमवर आधी केएसएची, म्हणजे कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनची, साखळी होते, मग बाद पद्धतीचे चषक सुरू होतात, आणि साखळी जिंकलेली पेठ चषकातही जिंकेल असं कुणी धरून चालत नाही. एसीसीत फरक एवढाच की दोन्ही जेतेपदांवर नाव एकाच कॉन्फरन्सचं असतं. त्यामुळे बातमीत नुसतं 'एसीसी चॅम्पियन' आलं की कोणतं जेतेपद ते कळत नाही.

मी नॉर्थ कॅरोलिनातल्या केरी गावात राहतो. ऑगस्टअखेरपासून नोव्हेंबरपर्यंत कॉलेज सामन्यांना स्कोअररच्या टेबलावर बसतो आणि उरलेलं वर्ष जुन्या नोंदी एकमेकींशी पडताळण्यात जातं. त्या कामातून बनलेल्या समजुतीवर पुढचं लिहितोय. काही मतं माझी आहेत, ती मतं म्हणूनच घ्या.

आधी १९५३ आणि १९८७ चा घोळ. एसीसीची स्थापना १९५३ ची आणि फुटबॉल तेव्हापासूनच आहे, पण पहिली तेहतीस-चौतीस वर्षं स्पर्धा अशी नव्हतीच. साखळीत जो वर तो विजेता. सुरुवातीची वर्षं जवळपास मेरिलँडच्या मालकीची होती. डॉइल रॉयल यांच्या संघाने १९६८ मध्ये मिशिगन स्टेटबरोबर राष्ट्रीय जेतेपद वाटूनही घेतलं. नंतर क्लेमसनचा जमाना आला. आय. एम. इब्राहिम यांनी १९६७ मध्ये तिथे संघ उभा केला, आफ्रिकेतून आणि कॅरिबियनमधून खेळाडू आणले आणि १९८४ मध्ये सिएटलला इंडियानाला २-१ हरवून राष्ट्रीय जेतेपद मिळवलं. दोन वर्षांनी, १९८६ मध्ये, ड्यूकने अक्रनला १-० ने हरवलं. कोणत्याही खेळातलं ते ड्यूकचं पहिलं राष्ट्रीय जेतेपद होतं. बास्केटबॉलमुळे ड्यूक ओळखणाऱ्यांना हे सांगितलं की पटत नाही.

या पार्श्वभूमीवर १९८७ मध्ये बाद फेरी सुरू झाली. त्या वेळी पुरुष फुटबॉल खेळणारे एसीसी संघ सातच: क्लेमसन, ड्यूक, मेरिलँड, नॉर्थ कॅरोलिना, नॉर्थ कॅरोलिना स्टेट, व्हर्जिनिया आणि वेक फॉरेस्ट. सातांत प्रत्येक जण प्रत्येकाशी एकदा खेळला की झाले सहा सामने. साखळी चोख होती, तिच्यात अन्याय काही नव्हता. मग वर आणखी एक स्पर्धा कशाला?

याचं उत्तर मला फुटबॉलपेक्षा बास्केटबॉलमध्ये सापडतं. एसीसीचा विजेता बाद फेरीतच ठरायचा, ही त्या कॉन्फरन्सची १९५४ पासूनची सवय. १९७५ पर्यंत एनसीएएच्या बास्केटबॉल स्पर्धेत एका कॉन्फरन्सचा एकच संघ जायचा. त्यामुळे मार्चच्या त्या तीन-चार दिवसांत वर्षाचा निकाल लागायचा. १९७४ मध्ये मेरिलँड अंतिम सामन्यात नॉर्थ कॅरोलिना स्टेटकडून जादा वेळेत १०३-१०० ने हरलं आणि देशातल्या उत्तम संघांपैकी एक असूनही घरी बसलं. पुढच्या वर्षी एनसीएएने दार उघडलं. अशा कॉन्फरन्सला फुटबॉलमध्ये बाद फेरी नसणंच विचित्र वाटत असणार. हे माझं अनुमान, पण मला ते पटतं.

पहिलं जेतेपद नॉर्थ कॅरोलिनाने घेतलं. प्रशिक्षक ॲन्सन डोरन्स. महिला फुटबॉलमधलं त्यांचं काम एवढं मोठं की ते पुरुष संघही चालवायचे हे लोक विसरतात. आणि तुमचा तक्ता इथेच, पहिल्याच ओळीत अडखळतो. १९८७ चं राष्ट्रीय जेतेपद क्लेमसनने जिंकलं, तेही स्वतःच्या रिग्ज फील्डवर, सॅन दिएगो स्टेटला २-० हरवून. एसीसीची पहिली बाद फेरी एकाने जिंकली, देश दुसऱ्याने.

तुम्ही एकच रकाना ठेवलात तर पुढेही जागोजागी हेच होणार. तीन रकाने करा: साखळी, बाद फेरी, राष्ट्रीय. १९५३ ते १९८६ मध्ये मधला रकाना रिकामा राहील, तो रिकामाच राहू द्या. पुष्कळ याद्या तिथे साखळीचा विजेता टाकतात आणि सत्तर वर्षांची एक अखंड माळ तयार करतात. एसीसीपुरतं ते चुकीचं नाही, त्या काळात विजेता तोच होता. पण तुम्ही 'स्पर्धेचा इतिहास' असं शीर्षक देणार असाल, तर स्पर्धा १९८७ ची.

आता व्हर्जिनिया. या स्पर्धेत सर्वांत मोठा वाटा त्यांचा: अकरा जेतेपदं, १९८८ चं पहिलं, २०१९ चं अकरावं. पण खरं वर्चस्व १९९१ ते १९९५ चं. सलग पाच वर्षं एसीसीची बाद फेरी त्यांनीच जिंकली आणि त्यातल्या पहिल्या चार वर्षांत राष्ट्रीय जेतेपदही त्यांचंच. प्रशिक्षक ब्रूस अरीना, पहिली तीन वर्षं मैदानाच्या मधोमध क्लॉडिओ रेना. अरीना १९९५ च्या हंगामानंतर डी. सी. युनायटेड या व्यावसायिक क्लबला गेले आणि पुढे अमेरिकेच्या राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षक झाले. या चार वर्षांमुळे एक गैरसमज पक्का झाला आहे: एसीसी जिंकणारा संघ देशही जिंकतो.

मी एकदा बसून हे मोजलं. १९८७ ते २०२३ या काळात एसीसीच्या संघाने राष्ट्रीय जेतेपद मिळवलं असे हंगाम सतरा आहेत, १९८९ चं वाटून घेतलेलं धरून. त्यात त्याच संघाने एसीसीची बाद फेरीही जिंकली असे नऊ. व्हर्जिनियाची ती चार वर्षं, मग मेरिलँड २००८, व्हर्जिनिया २००९, नॉर्थ कॅरोलिना २०११, सिरॅक्यूज २०२२, क्लेमसन २०२३. उरलेल्या आठ वेळा देश जिंकणारा संघ आधी स्वतःच्या कॉन्फरन्समध्ये हरलेला होता. अरीनांची चार वर्षं बाजूला ठेवली तर तेरापैकी पाच. एवढ्यावरून भाकीत कुणी करू नये.

त्या आठांतली काही उदाहरणं तुमच्या तक्त्यात अडचण करणार, म्हणून इथेच सांगतो. १९८९ ला एसीसी वेक फॉरेस्टची, तर व्हर्जिनियाने राष्ट्रीय जेतेपद सँटा क्लाराबरोबर वाटून घेतलं. न्यू जर्सीच्या कडाक्याच्या थंडीत १-१ अशी बरोबरी झाली आणि सामना तिथेच संपवला. २००५ ला एसीसी ड्यूक, देश मेरिलँड. २००७ ला एसीसी बॉस्टन कॉलेज, देश वेक फॉरेस्ट. २०१३ ला एसीसी मेरिलँड, देश नोत्र दाम, आणि डिसेंबरच्या अंतिम सामन्यात हेच दोघे समोरासमोर आले, नोत्र दाम २-१. २०१४ ला एसीसी क्लेमसन, देश व्हर्जिनिया. आणि तुमच्या भाच्याचं २०२१: एसीसीच्या अंतिम सामन्यात नोत्र दामने ड्यूकला हरवलं, महिन्याभरानं क्लेमसनने केरीत वॉशिंग्टनला २-० हरवून देश जिंकला. भाचाही बरोबर, यादीही बरोबर.

असं का होतं, हा प्रश्न तुम्ही विचारला नाहीत, पण इतिहास लिहायचा तर हेच कळीचं आहे. एनसीएएच्या स्पर्धेत २००१ पासून, २०२० चा कोविडचा हंगाम सोडला तर, ४८ संघ असतात. कॉन्फरन्सचा विजेता थेट आत जातो. बाकीच्या जागा निवड समिती हंगामभरातली कामगिरी आणि प्रतिस्पर्ध्यांची ताकद बघून देते. एसीसीचं वेळापत्रकच इतकं अवघड की मधल्या फळीतले संघही या मार्गाने आत जातात. म्हणजे एसीसीच्या चांगल्या संघाला नोव्हेंबरमधली बाद फेरी हरल्याने फारसं काही गमवावं लागत नाही. उलट पहिल्या सोळांत मानांकन असेल तर राष्ट्रीय स्पर्धेची पहिली फेरी खेळावी लागत नाही आणि पुढचा सामना घरच्या मैदानावर. लवकर हरलेल्या संघाला आठवडाभर पाय सोडून बसायला मिळतात. २०१४ चं व्हर्जिनिया सोळावं मानांकित होतं, म्हणजे त्या रांगेत शेवटचं, आणि ट्रॉफी त्यांनी नेली.

छोट्या कॉन्फरन्समध्ये चित्र उलटं. तिथे आत जाणारा संघ बहुतेक वर्षी एकच. साखळीत दोन महिने पहिलं राहायचं, मग नोव्हेंबरच्या एका संध्याकाळी गोलरक्षकाच्या हातून चेंडू निसटायचा आणि हंगाम खलास. ज्यांनी फक्त एसीसी पाहिलंय त्यांना या स्पर्धांमधला ताण कळत नाही. मी दोन्हीकडच्या अंतिम सामन्यांना टेबलावर बसलोय. एसीसीत हरलेले खेळाडू चिडलेले असतात. छोट्या कॉन्फरन्समध्ये चौथ्या वर्षाची मुलं बूट सोडत नाहीत, तशीच गवतावर बसून राहतात, कारण बूट सोडले की संपलं.

म्हणूनच सगळ्यांनी बाद फेरी ठेवलीच असं नाही. पश्चिम किनाऱ्याकडच्या पॅक-१२ या कॉन्फरन्सने पुरुष फुटबॉलमध्ये ती ठेवली नव्हती, साखळीचा विजेता थेट आत जायचा. त्याच पॅक-१२ मधून जेरेमी गन यांच्या स्टॅनफर्डने २०१५, २०१६ आणि २०१७ असं सलग तीनदा देश जिंकला. आयव्ही लीग २०२३ पर्यंत साखळीवरच विजेता ठरवायची, त्या वर्षी त्यांनीही पहिल्या चारांची बाद फेरी सुरू केली. माझं मत विचाराल तर सात-आठ संघ असताना साखळीच खरी कसोटी. सगळे सगळ्यांशी खेळलेले असतात.

पण एसीसी सातांची राहिली नाही, आणि स्पर्धेचा अर्थ तिथे बदलला. २००४ ला व्हर्जिनिया टेक, २००५ ला बॉस्टन कॉलेज, म्हणजे नऊ संघ. तरी आठ सामन्यांत सगळे सगळ्यांशी खेळू शकत होते. २०१३ ला नोत्र दाम, सिरॅक्यूज आणि पिट्सबर्ग एकदम आले, बारा झाले, आणि त्या एका हंगामात प्रत्येक संघाने साखळीचे अकरा सामने खेळले. कॉलेजचा हंगाम पुरता तीन महिन्यांचाही नसतो, आठवड्याला दोन सामने, मध्ये वर्ग आणि परीक्षा. हे टिकणारं नव्हतंच. पुढच्या वर्षी मेरिलँड बिग टेन या दुसऱ्या कॉन्फरन्समध्ये गेलं, लुईव्हिल आलं, आणि बारा संघांचे अटलांटिक आणि कोस्टल असे दोन गट झाले. साखळीचे सामने पुन्हा आठ. इथून साखळीचा विजेता ही थोडी नशिबाची गोष्ट झाली. समोरच्या गटातले कुठले संघ वाट्याला आले यावर बरंच ठरू लागलं. बाद फेरीला खरी गरज मिळाली ती तेव्हा, सुरू झाल्यावर सत्तावीस वर्षांनी. २०२४ मध्ये स्टॅनफर्ड, कॅलिफोर्निया आणि टेक्ससचं एसएमयू (सदर्न मेथडिस्ट विद्यापीठ) आल्यावर संघ पंधरा झाले. आता सगळ्यांनी सगळ्यांशी खेळायचा विषयच नाही. अटलांटिकचं नाव लावणाऱ्या कॉन्फरन्समध्ये पॅसिफिककाठचे दोन संघ कसे, यावर इथे चहाच्या टेबलावर तासभर बोलता येतं. थोडक्यात कारण असं की पॅक-१२ फुटली.

मेरिलँडबद्दल आणखी एक, कारण तुमच्या तक्त्यात हे सुटेल. त्यांनी एसीसीची बाद फेरी सहा वेळा जिंकली: १९९६, २००२, २००८, २०१०, २०१२, २०१३. सहाही साशो सिरोव्स्की यांच्या हाताखाली. शेवटच्या दोन वर्षांत लागोपाठ जिंकून त्यांनी कॉन्फरन्स सोडली. २०१८ ला मेरिलँडने पुन्हा देश जिंकला, पण तेव्हा ते बिग टेनमध्ये होते. ते जेतेपद एसीसीच्या खात्यात धरू नका. माझ्या सतरांत ते नाही.

आता 'बरोबरी' आणि 'विजेता' एकाच ओळीत. एनसीएएच्या नोंदीत पेनल्टी शूटआऊटवर सुटलेला सामना अधिकृतपणे बरोबरीचाच असतो. शूटआऊट फक्त पुढे कोण जाणार किंवा ट्रॉफी कुणाची एवढंच ठरवतो. २०१४ चा व्हर्जिनिया-यूसीएलए सामना नोंदीत ०-०, शूटआऊट ४-२. २०२२ चा सिरॅक्यूज-इंडियाना सामना २-२, शूटआऊट ७-६. व्हर्जिनियाच्या त्या हंगामाच्या विजयांत हा सामना मिळवलात तर एकूण आकडा चुकेल. टेबलावर आम्ही शूटआऊटसाठी वेगळं पान उघडतो. कुणी मारली, कुठल्या क्रमाने, आत गेली की अडवली. त्यातली एकही पेनल्टी खेळाडूच्या गोलांत जमा होत नाही. वर्तमानपत्राची बातमी मात्र सर्रास '७-६ ने विजय' असं छापते, आणि ती वाचून पुढे कुणीतरी तेरा गोलांचा सामना म्हणून लिहितं.

या टेबलाचीच आणखी एक गोष्ट जुन्या नोंदी वाचताना उपयोगी पडेल. कॉलेज फुटबॉलमध्ये घड्याळ उलटं चालतं, ४५:०० वरून शून्याकडे. गोल झाला, कार्ड दाखवलं, पेनल्टी मिळाली की ते थांबवतात. शेवटचे दहा सेकंद निवेदक माईकवरून मोजतो, प्रेक्षक त्याच्याबरोबर ओरडतात, भोंगा वाजतो आणि हाफ संपतो. पंचाच्या मनातला जादा वेळ हा प्रकार नाही. त्यामुळे जुन्या कागदावर गोलासमोर '१२:४०' दिसलं तर आधी बघा, ती वेळ उरलेली आहे की झालेली. अधिकृत नोंदीत झालेली वेळ असते, पण हाताने लिहिलेल्या कागदावर घड्याळात दिसली तशीच उतरवलेली सापडते. पहिल्या हाफमधला मध्यावरचा गोल दोन्हीकडे साधारण सारखाच दिसतो आणि फसवतो. बदली खेळाडूंचंही तसंच: दुसऱ्या हाफमध्ये बाहेर गेलेला खेळाडू एकदा परत येऊ शकतो, म्हणून एकाच नावासमोर दोनदा 'आत' दिसलं तर ती छपाईची चूक समजू नका.

२०२२ पासून साखळी सामन्यांतला जादा वेळ काढून टाकला, बाद फेरीत तो राहिला. त्या वर्षापासून साखळीच्या तक्त्यात बरोबऱ्या वाढलेल्या दिसतील. संघ बचावात्मक झाले असा निष्कर्ष त्यावरून काढू नका, नियम बदलला आहे.

इथवरचं एका वाक्यात बांधायचं तर: तीन रकाने, १९८७ च्या आधी मधला रिकामा, शूटआऊट वेगळा लिहायचा, आणि संघाच्या नावाबरोबर तो त्या वर्षी कुठल्या कॉन्फरन्समध्ये होता ते बघायचं. तुमचा तक्ता वर्षवार नसून संघवार असेल तर शेवटची गोष्ट पहिली करा.

राहिलं २०२०. कोविडमुळे एनसीएएने राष्ट्रीय स्पर्धा पुढच्या वसंतात ढकलली, पण एसीसीने शरद ऋतूतच आपली बाद फेरी उरकली. नोव्हेंबर २०२० मध्ये केरीत क्लेमसनने पिट्सबर्गला २-१ हरवलं. राष्ट्रीय अंतिम सामना झाला मे २०२१ मध्ये, तोही केरीतच, आणि मार्शलने जादा वेळेत इंडियानाला १-० हरवलं. मग त्याच डिसेंबरात २०२१ च्या हंगामाचं जेतेपद क्लेमसनने नेलं. म्हणजे कॅलेंडरच्या एकाच वर्षात दोन राष्ट्रीय विजेते. तुमच्या तक्त्यात वर्ष म्हणजे हंगाम की तारीख, हे आत्ताच ठरवा. मी हंगाम धरतो, म्हणून मार्शल २०२० समोर लिहितो आणि शेजारी बारीक अक्षरात 'मे २०२१'. भाच्याकडे २०२१ च्या क्लेमसनच्या सामन्यांची तिकिटं किंवा कार्यक्रमपत्रिका असतील तर त्यांवरचा महिना तपासून घ्या, मगच ती ओळ पक्की करा.